नटणं म्हणजे कला कशी काय?

प्रश्न : काळा घोड्याला पुष्पमाला एन. यांचे फोटो बघितले, सगळ्यात त्या स्वतःच नटलेल्या. हा फॅन्सी ड्रेसच ना? – एक वाचक, गिरगाव

उत्तर : अहो, दिसतो तसाच, पण फॅन्सी ड्रेसमधे कोण झालात ते ओळखलं की संपलं, इथे तर सोंग कसं रचलंय तेच दाखवायचं असतं. बाई मूळच्या शिल्पकार, बंगळूरच्या, पण त्यांची ‘फँटम लेडी ऑर किस्मत’ (१९९६-९८) ही फोटोमालिका शूट झाली आपल्या मुंबईत, मास्क घातलेली स्टंट हिरॉईन, थेट जुन्या स्टंटपटांतल्या ‘फिअरलेस नाडिया’चा थाट, आणि जुन्या हिंदी पिक्चरमधली बाई कशी उभी राहते, कशी बघते ते सगळं त्या अंगावर घेतात. हसू येतं, येऊ दे की! आपल्या बालगंधर्वांची साडी नेसायची ढब तर बायकाच उचलायच्या, मग सांगा, नक्कल कोण कुणाची करत होतं?