वाचकांचे प्रश्न : खेड्यातल्या चर्चचे वय कसे ठरवावे?

प्रश्न : इंग्लंडमधील खेड्यांतली जुनी अँग्लिकन चर्च पाहताना एक गोंधळ नेहमी होतो. माहितीपत्रकात ‘बाराव्या शतकातील चर्च’ असे छापलेले असते. प्रत्यक्षात मात्र वेदीकडचा भाग एका धाटणीचा, लोकांच्या बसण्याचा भाग दुसऱ्या आणि मनोरा तिसऱ्याच. यांतले खरे वय कोणते?

उत्तर : माहितीपत्रकातले शतक बहुधा वास्तूत शिल्लक राहिलेल्या सर्वांत जुन्या भागाचे असते, आणि तो भाग कधी कधी एखाद्या दरवाजाच्या अर्धगोल कमानीपुरताच उरलेला असतो. हेरफर्डशरमधील किल्पेकच्या चर्चसारखी, ११४०च्या सुमारास बांधली गेलेली आणि पुढे फारशी न बदललेली उदाहरणे थोडी आहेत. बाकीची चर्च गावात पैसा येईल तशी वाढत गेली.

खिडक्यांवरून काळ ओळखण्याची पद्धत सर्वांना ठाऊक आहे. नॉर्मन काळातली (अकराव्या-बाराव्या शतकातली) खिडकी लहान आणि अर्धगोल माथ्याची. तेराव्या शतकातली उंच, अरुंद, टोकदार. चौदाव्या शतकात तिच्या माथ्यावर दगडाची वळणदार जाळी येते, आणि त्यानंतर सरळ उभ्या दांड्यांच्या रुंद खिडक्यांचा काळ सुरू होतो. या शैलींची आज रूढ असलेली नावे टॉमस रिकमन यांनी १८१७ साली प्रसिद्ध केलेल्या वर्गीकरणातून आलेली आहेत. परंतु खिडकीवरून कळते ते केवळ खिडकीचे वय. जुन्या भिंतीला भोक पाडून नवी खिडकी बसवणे हे भिंत पाडण्यापेक्षा कितीतरी स्वस्त असल्यामुळे चौदाव्या शतकातली खिडकी बाराव्या शतकातल्या भिंतीत सर्रास आढळते.

माझ्या मते शैलीपेक्षा अधिक उपयोगी प्रश्न असा, की या भागाचा खर्च कोणाकडे होता? मध्ययुगीन इंग्लंडमध्ये चॅन्सेल, म्हणजे वेदी असलेला पूर्वेकडील भाग, दुरुस्त ठेवण्याची जबाबदारी रेक्टरची, म्हणजे चर्चच्या उत्पन्नाचा हक्क असलेल्याची, असे, आणि नेव्ह, म्हणजे लोकांचा भाग, पॅरिशच्या, म्हणजे त्या चर्चच्या हद्दीतल्या, रहिवाशांनी सांभाळायचा असे. रेक्टरला गावच्या पिकाचा दहावा हिस्सा मिळत असे. चॅन्सेलचा भार त्या उत्पन्नावर होता. अनेक ठिकाणी तर एखादा दूरचा मठच रेक्टर होता. धान्याचा मोठा हिस्सा तो घेई आणि गावातले धर्मकार्य व्हिकारवर, म्हणजे आपल्या वतीने नेमलेल्या पाद्र्यावर, सोपवी. अशा मालकाला चॅन्सेल मोठे करण्याची हौस असण्याचे कारण नव्हते. गावाची गोष्ट वेगळी होती. लोकर आणि कापड यांच्या व्यापारात पैसा आला, की गावकरी नेव्ह उंच करत, बाजूच्या पडव्या वाढवत आणि मनोरा चढवत.

सफोकमधील लॅव्हनमला हे स्पष्ट दिसते. तिथले प्रचंड नेव्ह आणि १४१ फूट उंचीचा मनोरा पंधराव्या शतकाच्या अखेरीपासून सोळाव्याच्या पहिल्या चतुर्थकापर्यंत बांधला गेला. त्यासाठी ऑक्सफर्डचे अर्ल आणि स्प्रिंग हे कापडव्यापारी घराणे यांनी पैसा ओतला. दोन्ही घराण्यांची चिन्हे दगडात कोरलेली आहेत. चॅन्सेल मात्र चौदाव्या शतकातले आहे, तेच राहिले. बाहेरून पाहणाऱ्याला ते उंच नेव्हच्या मागे खुजे वाटते. शिल्पकाराचे प्रमाण चुकले, असे म्हणणाऱ्यांनी खर्चाची ही वाटणी लक्षात घ्यावी.

कोणत्याही चर्चमध्ये आणखी एक खूण पाहता येते. मनोऱ्याच्या पूर्वेकडील भिंतीवर, नेव्हच्या सध्याच्या छपराच्या वर, तिरप्या उतरत्या दोन रेघा उमटलेल्या असतील, तर तो पूर्वीच्या चढ्या छपराचा ठसा होय. पुढे भिंती उंच करून वरच्या बाजूला खिडक्यांची रांग बसवताना शिशाच्या पत्र्याचे जवळजवळ सपाट छप्पर घातले गेले, आणि जुन्या छपराची रेघ मागे राहिली.

मध्येच काम थांबल्याच्या खुणाही सापडतात. १३४८-४९ च्या महामारीने अनेक ठिकाणचे पाथरवट आणि पैसे देणारे दोघेही नेले. हर्टफर्डशरमधील ॲशवेलच्या मनोऱ्यात आतल्या भिंतीवर कोणीतरी लॅटिनमध्ये खरडून ठेवले आहे की, १३५० साली गावात हलाखीत उरलेला लोकांमधला गाळच काय तो साक्षीला आहे. त्याखाली १३६१च्या भयंकर वादळाची नोंद आहे. (त्या काळी वर्ष २५ मार्चला बदलत असे, म्हणून आपल्या गणनेने ते वादळ जानेवारी १३६२चे.)

प्रश्न : चॅन्सेलच्या खर्चाची ही वाटणी आजही लागू आहे काय? घर खरेदी केल्यावर चर्चच्या दुरुस्तीचे बिल आल्याचे ऐकले होते.

उत्तर : होय, काही जमिनींवर हा बोजा आजही आहे. १५३६ ते १५४० या काळात मठ बरखास्त झाले आणि त्यांचे रेक्टरीचे हक्क राजामार्फत खासगी व्यक्तींकडे गेले. हक्काबरोबर जबाबदारीही गेली. पुढे दहाव्या हिश्शाची वसुली बंद झाली, तरी चॅन्सेलचा भार काही जमिनींना चिकटून राहिला. वॉरिकशरमधील ॲस्टन कँटलो येथे अशी जमीन असलेल्या दांपत्याकडे चर्चच्या मंडळाने १९९४ साली सुमारे ९५ हजार पौंडांची मागणी केली. वाद हाउस ऑफ लॉर्ड्सपर्यंत, म्हणजे त्या वेळच्या सर्वोच्च न्यायपीठापर्यंत, गेला आणि २००३ साली निकाल दांपत्याच्या विरुद्ध लागला. १३ ऑक्टोबर २०१३ पासून नियम बदलला : जमिनीच्या नोंदवहीत बोजा नोंदलेला नसेल, तर त्यानंतर ती विकत घेणाऱ्यावर सर्वसाधारणपणे तो येत नाही.

प्रश्न : या चर्चच्या भिंती मूळच्याच पांढऱ्या असत काय?

उत्तर : नाही. मध्ययुगात भिंती संतांच्या आणि अंतिम न्यायाच्या रंगीत चित्रांनी भरलेल्या असत. धर्मसुधारणेच्या काळात, विशेषतः १५४७ पासून, मूर्ती आणि चित्रे हटवण्याचे हुकूम निघाले आणि चुना फासला गेला. गंमत अशी, की चुन्यामुळेच पुष्कळ चित्रे टिकली. यॉर्कशरमधील पिकरिंगला पंधराव्या शतकातली चित्रे १८५२ साली दिसू लागली, तेव्हा तिथल्या व्हिकारने लक्ष विचलित होईल म्हणून ती पुन्हा झाकून टाकली. ती कायमची उघडी व्हायला १८७०चे दशक उजाडावे लागले. काही ठिकाणी याउलट, व्हिक्टोरियन काळातल्या जीर्णोद्धारकांनी ‘मूळचा’ दगड दिसावा म्हणून गिलावाच खरवडला आणि त्याबरोबर चित्रेही गेली. या उत्साहाला विरोध म्हणून विल्यम मॉरिस यांनी १८७७ साली प्राचीन इमारतींच्या रक्षणासाठी संस्था काढली. आज कोणत्याही पॅरिशला भिंतीवरचा जुना गिलावा काढायचा झाल्यास बिशपच्या प्रदेशाच्या चर्च न्यायालयाकडून आधी परवानगी घ्यावी लागते.