आल्पेनफेराइनचं सदस्य व्हायचं का? व्हा, पण शाखा बघून

म्युनिकला येऊन दोनच महिने झालेत, पुण्यात असताना दर रविवारी सह्याद्रीत असायचो, इथे आल्पेनफेराइनची, म्हणजे जर्मनीच्या गिर्यारोहण संघाची, वर्गणी भरावी की डोंगरातल्या मुक्कामाच्या हटमधल्या सवलतीपलीकडे त्यात काही नाही, असं तुम्ही विचारलंय. मी बारा वर्षं सदस्य आहे. नक्की व्हा, पण सवलतीसाठी होऊ नका.

सवलतीचं आधी सांगून टाकतो. संघाच्या हटमध्ये लागरात, म्हणजे ओळीनं गाद्या टाकलेल्या खोलीत, सदस्याला रात्रीमागे निदान 10 युरो कमी द्यावे लागतात. ऑस्ट्रिया, स्वित्झर्लंड, इटलीतल्या क्लबांच्या हटमध्येही हे कार्ड चालतं. शिवाय डोंगरात शोध आणि सुटकेचा 25,000 युरोंपर्यंतचा विमा वर्गणीतच येतो. हेलिकॉप्टरचं बिल पाहिलेल्या माणसाला याची किंमत कळते. स्विस क्लबच्या वर्गणीत हा विमा नसतो, तिथले बरेच जण रेगा या हवाई बचावसेवेला वेगळे पैसे देतात.

आता मुद्द्याचं. सदस्य व्हायचं ते एखाद्या शाखेचं. जर्मनीत अशा साडेतीनशेवर शाखा आहेत. बहुतेक हट त्यांच्याच मालकीच्या, आणि डोंगरातला ठरावीक भागही एकेका शाखेकडे सोपवलेला, म्हणजे तिथल्या वाटा तिनं सांभाळायच्या. ऑस्ट्रियातल्या झिलरटाल खोऱ्यातली बर्लिनर ह्युटे ही हट 1879 साली बर्लिनच्या शाखेनं उभी केली. ज्या शहरातून आल्प्स दिसतही नाहीत, तिथल्या लोकांनी! हे सुरुवातीपासूनच असं आहे. 1869 मध्ये म्युनिकला संघ स्थापन झाला तेव्हा पुढाकार घेणाऱ्यांत ऑस्ट्रियातल्या ओट्झटाल खोऱ्यातल्या वेंट गावचे धर्मगुरू फ्रान्झ सेन होते आणि प्रागचे व्यापारी योहान श्ट्यूडलही. सेन यांना गरीब खोऱ्यातल्या लोकांच्या हाताला वाटाड्याचं काम मिळवून द्यायचं होतं, श्ट्यूडल यांनी स्वतःच्या पैशानं ग्रोसग्लॉकनर शिखराखाली हट बांधली.

याच संघानं 1924 मध्ये व्हिएन्नाची डोनाउलांड शाखा बाहेर काढली, कारण तिचे सदस्य मुख्यतः ज्यू होते. हेही ठाऊक असू द्या. कधी झिलरटालला गेलात तर डोनाउलांडशी नातं असलेल्या फ्रीझेनबर्गहाउस या हटमध्ये एक रात्र जरूर राहा.

मला शाखा खरी कळली ती वाटेवरच्या कामामुळे. तिसऱ्या वर्षी एका शनिवारी आम्ही सात जण रंगाचे डबे घेऊन निघालो. खडकावर लाल-पांढरा पट्टा मारायच्या आधी तारेच्या ब्रशनं शेवाळ खरवडावं लागतं, नाहीतर पुढच्या हिवाळ्यात रंग पोपडा होऊन निघतो. सत्तरीच्या एक बाई दर खुणेपाशी थांबून मागे वळायच्या आणि विचारायच्या, ‘धुक्यात इथून पुढची खूण दिसेल?’ शंका वाटली की मध्ये आणखी एक. आधी कित्येकदा मी त्या खुणांवर भरवसा ठेवून चाललो होतो, पण त्या कुणीतरी शनिवार घालवून मारलेल्या असतात हे कधी मनातही आलं नव्हतं.

त्याच बाईंनी मला जूनमधला बर्फ शिकवला. सह्याद्रीचे कडे आणि निसरड्या घळी अंगवळणी पडलेला माणूस इथे नेमका या बर्फावर फसतो. खाली कुरणात फुलं असतात, आणि वर उत्तरेच्या घळीत जुन्या बर्फाचा एक पट्टा वाट अडवून बसलेला असतो, सकाळी काचेसारखा टणक. वीस पावलांचाच असतो, पण पाय सुटला तर थेट खालच्या दगडांत. माझा एकदा सुटला होता, हाताला काठी लागली म्हणून वाचलो. तेव्हा पहिल्याच उन्हाळ्यात शाखेचा बर्फावर चालण्याचा कोर्स करा. क्रॅम्पॉन (बर्फासाठी बुटाखाली बसवायचे खिळे), आइस अ‍ॅक्स विकत घेऊ नका, शाखा थोड्या भाड्यानं देते.

म्युनिकमध्ये म्युनिक आणि ओबरलांड या दोन मोठ्या शाखा आहेत, त्यांच्याकडे कोर्सेस भरपूर. पण माणसं जोडायची असतील तर उपनगरातली एखादी लहान शाखा बघा, तिथे दुसऱ्या फेरीपासून नावानं हाक मारतात. जर्मन कच्चं असलं तरी चालतं, दोरावर लागणारे शब्द लवकर तोंडात बसतात. शाखा बदलायची किंवा सोडायची असेल तर 30 सप्टेंबरच्या आत कळवावं लागतं, नाहीतर पुढच्या वर्षाची वर्गणी लागू होते.

आमच्या शाखेचं वाटांचं काम जूनच्या शेवटी आहे. यायचं असेल तर इथेच लिहा. ब्रश आणि हातमोजे मी आणतो, तुम्ही फक्त घोट्याच्या वर येणारे बूट घालून या.