नवीन अकाउंट काढायच्या आधी

(वाचकांचे प्रश्न, ताईंची उत्तरं)

इंदूरच्या आरएनटी मार्गावर कॉम्प्युटर दुरुस्तीच्या काउंटरवर बसायला लागून मला एकोणीस वर्षं झाली. आधी लोक बंद पडलेलं मशीन घेऊन यायचे. आता मशीन ठणठणीत असतं, पण आत जाता येत नाही म्हणून येतात. या वेळच्या पत्रांत गेमच्या सबस्क्रिप्शनची पत्रं इतकी आहेत, की हा अंक त्यांनाच दिला. पाचांपैकी दोन पत्रांत शेवटी ‘नवीन अकाउंट काढू का’ असं विचारलं आहे. दोघांनाही माझं आधीच सांगणं आहे, की थांबा.

प्रश्न : ताई, नातू अकरावीत आहे. माझ्या मुलाची बदली पुण्याला झाली, कॉम्प्युटर आमच्याकडे लोकमान्य नगरातच राहिला. मुलाने गेम पासचे (वर्गणी भरून गेम खेळायच्या मायक्रोसॉफ्टच्या सोयीचे) पैसे भरलेले आहेत. ॲप उघडलं की नाव दिसतं, गेमची यादीही दिसते, पण गेम सुरू करायला गेलं की ‘सबस्क्रिप्शन घ्या’ असं येतं. पासवर्ड तीनदा बदलला. शेजारचे म्हणतात, सरकारने ऑनलाइन गेमवर बंदी घातली आहे, त्यामुळे असेल. तसं असेल तर नातवाला सांगून मोकळा होतो. नाहीतर नवीन अकाउंट काढून पुन्हा पैसे भरू का?

उत्तर : आजोबा, बंदीची काळजी मनातून काढून टाका. ऑगस्ट २०२५ मध्ये झालेला कायदा पैसे लावून खेळायच्या गेमवर आहे, म्हणजे जिथे पैसे टाकून जास्त पैसे जिंकायची आशा असते तिथे. वर्गणी भरून नुसतं खेळायचं असेल तर त्याला मुभा आहे, आणि अशी वर्गणी म्हणजे डाव लावणं नव्हे, हे त्या कायद्यातच लिहिलेलं आहे. नातवाला तसं काही सांगू नका.

आता पासवर्डचं. तीनदा बदललात, पण कोणाच्या अकाउंटचा बदललात? माझा अंदाज आहे की तुमच्या कॉम्प्युटरवर दोन अकाउंट नांदताहेत. गेल्या महिन्यात एक मुलगा अगदी हीच तक्रार घेऊन काउंटरवर आला होता. मी त्याला गेमचं ॲप आणि विंडोजचं स्टोअर, दोन्ही शेजारीशेजारी उघडायला लावलं. दोन्हींच्या वरच्या कोपऱ्यात नखाएवढा गोल असतो, त्यात नावाचं पहिलं अक्षर. एका गोलात ‘एस’ होता, दुसऱ्यात ‘व्ही’. ‘एस’ तो स्वतः, ‘व्ही’ त्याचा मोठा भाऊ. पैसे भावाच्या अकाउंटवरून भरलेले, आणि स्टोअरमध्ये कधीतरी शाळेचं काही उतरवताना याने स्वतःचं अकाउंट घातलेलं. मशीन स्टोअरला विचारतं की वर्गणी आहे का. स्टोअरमध्ये बसलेल्या माणसाची वर्गणी नाही, म्हणून ते ‘घ्या’ म्हणतं. पासवर्डचा यात काही संबंधच नाही.

तेव्हा स्टोअर उघडा, वरच्या गोलावर बोट ठेवा, आणि तिथे कोणाचा ईमेल आहे तो कागदावर उतरवून घ्या. मग गेमच्या ॲपमधला बघा. तिसरी गोष्ट म्हणजे मुलाला विचारा की पैसे भरल्याची पावती कोणत्या ईमेलवर आली होती. पावती ज्या ईमेलवर, वर्गणी तिथे. स्टोअरमधून साइन-आउट करून त्याच ईमेलने आत या. ओटीपी मुलाच्या फोनवर पुण्याला जाणार, म्हणून तो ऑफिसातून घरी आल्यावर, तुम्ही स्वतः फोन लावून हे करा. ओटीपी थोडाच वेळ चालतो. तो मीटिंगमध्ये असला तर उपयोग नाही. गेमच्या ॲपमध्ये मात्र नातवाचंच अकाउंट राहू द्या, त्याचा खेळ तिथे जमा आहे.

एवढं करून कॉम्प्युटर एकदा बंद-चालू करा. तरीही अडलं तर विंडोजच्या सेटिंगमधल्या ॲपच्या यादीत ‘गेमिंग सर्व्हिसेस’ नावाचं एक असतं, त्याची दुरुस्ती करायची सोय तिथेच आहे. आणि पासवर्ड आता बदलू नका. वारंवार चुकला की अकाउंट काही वेळ कुलूपबंद होतं, मग खरा पासवर्डही चालत नाही आणि माणूस आणखी गोंधळतो.

प्रश्न : मी बुऱ्हाणपूरचा, भंवरकुआला खोली घेऊन राहतो. सराफ्यात रात्री फोन गेला. दुसऱ्या दिवशी त्याच नंबरचं सिम काढलं. आता गेमच्या अकाउंटला ओटीपी येतच नाही, आणि कोड दाखवणारं ॲप जुन्या फोनबरोबर गेलं. नेटवर कस्टमर केअरचा नंबर मिळाला, तो माणूस एक ॲप टाकायला सांगतोय. टाकू का?

उत्तर : नको! टाकलं असशील तर आत्ता, हे वाचता वाचता, इंटरनेट बंद कर आणि ते ॲप काढ. अशा ॲपने समोरच्याला तुझी स्क्रीन दिसते, आणि मग त्याला तुझ्या गेममध्ये रस नसतो, तुझ्या बँकेत असतो. पैसे गेले असतील तर १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर लगेच फोन कर. जितक्या लवकर करशील तितके पैसे अडवता येण्याची शक्यता जास्त. कस्टमर केअर शोधायचं ते कंपनीच्या ॲपमधून किंवा तिच्या स्वतःच्या वेबसाइटवरून. सर्चमध्ये वर आलेला मोबाइल नंबर कधीही लावू नये. हे मी इतकं कळकळीने लिहिते, कारण गेल्या वर्षी तुझ्याच वयाचा एक मुलगा माझ्यासमोर स्टुलावर बसून रडला. घरून आलेली सहा महिन्यांची फी अशीच गेली होती.

ओटीपीचं सोपं आहे. बदली सिम घेतलं की पहिले २४ तास त्यावर एसएमएस येत-जात नाहीत. दुसऱ्याने तुझ्या नावाने सिम काढून ओटीपी चोरू नयेत म्हणून दूरसंचार विभागाने घातलेला नियम आहे. सिम सुरू झालं ती वेळ आठव, त्यापुढे एक पूर्ण दिवस मोज. तोवर ‘पुन्हा पाठवा’ दाबत बसू नकोस.

कोडच्या ॲपचं थोडं अवघड. ते सहा आकडे दर ३० सेकंदांनी बदलतात, कारण तुझ्या फोनमध्ये साठवलेली एक गुप्त किल्ली आणि घड्याळातली वेळ मिळून ते तयार होतात. किल्ली फोनबरोबर गेली. पण ही सोय चालू करताना तुला बॅकअप कोड दिलेले असणार. बहुतेक जण त्यांचा स्क्रीनशॉट काढतात. फोटो क्लाउडवर जात असतील तर लॅपटॉपवर उघडून त्या तारखेचे बघ. एका कोडने एकदाच आत जाता येतं, तेव्हा आत गेल्यावर पहिलं काम नवीन फोन जोडायचं, आणि जुना यादीतून काढायचा. खेळ नंतर.

प्रश्न : दर महिन्याच्या सुरुवातीला मुलाचं लॉगिन उडतं. मी कार्डाने पैसे भरतो, मग चालतं. पुढच्या महिन्यात परत तेच. – एक वडील, सुदामा नगर

उत्तर : लॉगिन उडत नाही, वर्गणी संपते. पडद्यावरचा संदेश सारखाच वाटतो म्हणून घोटाळा होतो. ओळखायची खूण अशी : प्रोफाइलचं नाव आणि फोटो दिसत असेल तर साइन-इन झालेलं आहे.

कार्डातून आपोआप पैसे जाण्यावर रिझर्व्ह बँकेचे नियम १ ऑक्टोबर २०२१ पासून कडक झाले. पहिल्यांदा तुम्ही ओटीपी देऊन परवानगी नोंदवावी लागते, आणि पुढे दर वेळी पैसे कापण्याच्या किमान २४ तास आधी बँक तुम्हाला कळवते. परवानगी नोंदलेलीच नसेल तर पुढच्या महिन्याचे पैसे जात नाहीत. तुम्ही बहुधा दर वेळी नव्याने एका महिन्याचे भरता, परवानगी नोंदवतच नाही. बँकेच्या ॲपमध्ये चालू परवानग्यांची यादी असते. तिच्यात गेमचं नाव आहे का बघा. नसेल तर पुढच्या वेळी भरताना आपोआप नूतनीकरणाची खूण करा, किंवा गेमची कंपनी स्वीकारत असेल तर यूपीआय ऑटोपे, म्हणजे यूपीआयवरून आपोआप पैसे जायची सोय, लावा. मुलाला दटावलं असेल तर त्याला सांगा की चूक त्याची नव्हती.

प्रश्न : जुना कॉम्प्युटर उघडला. इंटरनेट चालू आहे, पण गेम काय, कुठलीच वेबसाइट धड आत घेत नाही.

उत्तर : खाली उजव्या कोपऱ्यातली तारीख बघा. काही वर्षं मागची दिसेल. प्रत्येक सुरक्षित वेबसाइटच्या प्रमाणपत्रावर कधीपासून कधीपर्यंत चालेल ते लिहिलेलं असतं. तुमच्या मशीनच्या मते तो काळ अजून उजाडलाच नाही, म्हणून ते दार लावून घेतं. तारीख आणि वेळ दुरुस्त करा, टाइमझोन भारताचा ठेवा. बंद करून उघडल्यावर पुन्हा मागे गेली तर मदरबोर्डवरचा सेल संपला आहे : सीआर २०३२, रुपयाच्या नाण्याएवढा, तीन व्होल्टचा. घड्याळवाल्याकडेही मिळतो.

प्रश्न : ताई, राजेंद्र नगरहून लिहिते. माझे यजमान मागच्या वर्षी गेले. आमच्या एक्सबॉक्सवर (मायक्रोसॉफ्टच्या गेम खेळायच्या कन्सोलवर) त्यांचं अकाउंट आहे, त्यात ते आणि आमचा मुलगा मिळून क्रिकेट खेळायचे. टीममध्ये सगळी नावं घरातली आहेत, आजीसुद्धा विकेटकीपर आहे. त्यांचा मोबाइल नंबर मी बंद होऊ दिला, तेव्हा सुचलं नाही. आता कन्सोल अधूनमधून कोड मागतो आणि तो त्या नंबरवर जातो. एकदा फोन लावला तर कोणी परक्याने उचलला. त्यांना कोड विचारू का? की मुलाला नवीन अकाउंट काढून देऊ? तो नको म्हणतो.

उत्तर : वहिनी, मुलाचं बरोबर आहे. सेव्ह केलेला खेळ अकाउंटला बांधलेला असतो. नवीन अकाउंटमध्ये क्रिकेट असेल, पण ती टीम नसेल.

परक्या माणसाला कोड विचारू नका. त्याचा काही दोष नाही. बंद पडलेला नंबर ९० दिवसांनंतर दुसऱ्याला दिला जाऊ शकतो, तसा त्याला मिळाला. पण हा नंबर एका अकाउंटची चावी आहे, हे त्याला कळवण्याची गरज नाही. बँकेत, गॅसला, विम्याला तोच नंबर दिलेला असेल तर तिथला आधी बदलून घ्या.

आज संध्याकाळी पहिलं काम असं करा : कन्सोल अजून आत घेतोय तोवर तो खेळ उघडा, टीमचं पान लावा आणि मुलाला त्याचे फोटो घ्यायला सांगा. एक सामनाही रेकॉर्ड करून ठेवा. तो पेनड्राइव्हवर घ्या, तुमच्या फोनमध्येही घ्या. पुढे काहीही झालं तरी एवढं तुमच्याजवळ राहील. आणि काही झालं तरी साइन-आउट करू नका, कन्सोल ‘रीसेट’ करू नका, कोणी कितीही जाणकार असला तरी करू देऊ नका.

मग कोड मागेल तेव्हा ‘दुसऱ्या मार्गाने पाठवा’ हा पर्याय बघा. यजमानांचा ईमेल त्यांच्या लॅपटॉपवर किंवा जुन्या फोनवर अजून उघडत असेल तर कोड तिकडे घ्या. फोन ड्रॉवरमध्ये असेल, तर नंबर नसला तरी घरच्या वाय-फायवर ईमेल चालतो. चार्जरला लावून बघा. ईमेल मिळाला तर तुमचं काम झालंच. अकाउंटच्या सुरक्षेच्या पानावर तुमचा नंबर आणि तुमचा ईमेल आधी घाला, आणि तो नीट चालतो हे बघितल्यावरच जुना नंबर काढा. क्रम उलटा करू नका.

ईमेलही मिळाला नाही, पण पासवर्ड माहीत असेल, तर ‘यांतलं काहीच माझ्याकडे नाही’ असा पर्याय येतो. तो घेतला की मायक्रोसॉफ्ट सगळी सुरक्षा-माहिती एकदम बदलायला ३० दिवस लावतं. त्यात कोणाच्या ओळखीने घट होत नाही, आणि ती करून देतो म्हणणारा खोटा. तुमचा नंबर टाका, तारीख कॅलेंडरवर लिहा आणि थांबा. दोन वर्षं कोणीच साइन-इन केलं नाही तर हे अकाउंट बंद होऊ शकतं, म्हणून हे काम या सुट्टीतच उरका.

वर्गणी त्यांच्या कार्डावर असेल आणि ते खातं बंद झालं असेल तर ती संपेल, आणि गेम वर्गणीतूनच घेतलेला असला तर उघडणार नाही. त्याने घाबरू नका. अकाउंट जिवंत आहे तोवर सेव्ह राहतो. वर्गणी पुन्हा भरली, किंवा तो एक गेम विकत घेतला, की टीम जिथे होती तिथून पुढे सुरू होते.

जुन्या फोनचा पॅटर्न आठवत नसेल तर उगाच बोटं फिरवून बघू नका. शनिवारी सकाळी अकरानंतर मुलाला घेऊन काउंटरवर या, फोन आणि चार्जर बरोबर आणा. आपण तिघं बसून बघू.