थॅचर, शेर आणि ठग

सांगलीच्या एका वाचकांनी विचारले आहे की, ब्रिटनच्या माजी पंतप्रधान मार्गारेट थॅचर ८ एप्रिल २०१३ रोजी वारल्या तेव्हा ‘नाउथॅचर्सडेड’ असा जो हॅशटॅग फिरला, त्यावरून अमेरिकन गायिका शेर गेल्याची आवई कशी उठली, आणि हे संधीचे उदाहरण मानावे काय.

हॅशटॅगमध्ये शब्दांत जागा सोडता येत नाही. थॅचर या नावातली पहिली चार रोमन अक्षरे ‘दॅट’ अशी आणि उरलेली चार ‘शेर’ अशी वाचता येतात. त्यामुळे ‘आता थॅचर गेल्या’ याऐवजी ‘आता शेर गेली आहे, तर’ असे वाचले गेले आणि शेरचे चाहते तेवढ्यावर हळहळले. देवनागरीत थ आणि द, च आणि श वेगळेच लिहावे लागत असल्यामुळे हा घोटाळा झालाच नसता.

परंतु दोन शब्द चिकटलेले दिसले की ‘संधी’ म्हणून मोकळे होण्याची जी सवय शिकवणीवर्गांतही बोकाळली आहे, तिचा मला मनस्वी राग येतो. संधीत वर्ण एकमेकांत मिसळतात. येथे एकही अक्षर बदललेले नाही, चुकला आहे तो पदच्छेद, म्हणजे शब्द कोठे तोडायचा ते. आपल्याकडचे याचे सख्खे भावंड म्हणजे सभंग श्लेष, शब्द वेगळ्या जागी तोडला की दुसरा अर्थ देणारा अलंकार: दमयंती म्हणते ‘औषध नलगे मजला’, आई ऐकते ‘न लगे’, मुलीच्या मनात असते ‘नल, गे’. साताऱ्यात मोडी कागद वाचणाऱ्यांना हे सांगावे लागत नाही, कारण आधी ओळभर रेघ ओढून तिच्याखाली शब्द न तोडता लिहिलेल्या मजकुरात कोठे थांबायचे, हे वाचणाऱ्यालाच ठरवावे लागते.

खरी मौज मात्र ‘थॅचर’ या शब्दातच आहे. बाईंचे हे सासरचे आडनाव. त्याचा अर्थ छप्पर शाकारणारा. जावळीत मृगापूर्वी माझे आजोबा गोठ्यावर चढून खालच्या पेंढीवर वरची पेंढी अर्धी चढवीत आणि बांबूच्या कांबीने दाबून बांधीत, तेच हे काम. इंग्रजी ‘थॅच’ आणि संस्कृत ‘स्थग्’, म्हणजे झाकणे, ही एकाच प्राचीन धातूची अपत्ये आहेत, आणि आपला मनसुबा झाकणारा तो ‘ठग’ याच ‘स्थग्’चा वंशज. ‘ठग’ हा शब्द इंग्रजांनी प्रचारात आणला असे छातीठोकपणे लिहिणाऱ्यांनी लक्षात घ्यावे की, तो त्यांनी येथूनच उचलला.

‘स्थगित’ही याच कुळातला. त्यासाठी ‘स्था’, म्हणजे उभे राहणे, या धातूकडे बोट दाखविणाऱ्या पंडितांनी मधला ‘ग’ कोठून आला ते आधी सांगावे. माझे ठाम मत असे की, स्थगित झालेला ठराव म्हणजे थांबलेला नव्हे, तर पुढच्या बैठकीपर्यंत झाकून ठेवलेला ठराव.