पासवर्ड बदलला, म्हणजे जुना कॅमेरा सुरक्षित झाला का?

प्रश्न : आमच्या सोसायटीत २०१५ साली बसवलेले सीसीटीव्ही कॅमेरे अजून उत्तम चालतात. डीव्हीआर (चित्रण साठवणारे यंत्र) इंटरनेटला जोडलेला असल्याने समितीचे सदस्य मोबाइलवर चित्रण पाहतात. पासवर्ड बदलून घेतला, तर धोका टळेल का? – एक वाचक, नाशिक

उत्तर : पासवर्ड अवश्य बदला, मात्र इतक्या जुन्या यंत्राच्या बाबतीत तेवढ्याने भागत नाही. २०१६ साली ‘मिराई’ या घातक सॉफ्टवेअरने कारखान्यातून आलेल्या नाव-पासवर्डांच्या साठेक जोड्या एकामागून एक वापरून पाहत जगभरातील कॅमेरे व डीव्हीआर ताब्यात घेतले, आणि २१ ऑक्टोबरला अशाच यंत्रांनी ‘डाइन’ या, संकेतस्थळांच्या नावांवरून त्यांचे इंटरनेट पत्ते शोधून देणाऱ्या कंपनीवर केलेल्या विनंत्यांच्या माऱ्यामुळे ट्विटर, नेटफ्लिक्ससारख्या सेवा काही तास विस्कळीत झाल्या. त्यांपैकी अनेक यंत्रांत शिओंगमाई या चिनी कंपनीचे भाग होते. मालकाने ब्राउझरमधून पासवर्ड बदलला, तरी टेलनेटचा (दुरून यंत्रात शिरण्याच्या जुन्या सोयीचा) पासवर्ड फर्मवेअरमध्येच, म्हणजे यंत्राच्या अंगभूत सॉफ्टवेअरमध्येच, घातलेला असल्याने तसाच राहत असे, आणि मालकाला त्याचा पत्ताही नसे. पुढे २०१७ मध्ये हिकव्हिजनच्या अनेक मॉडेलांत पासवर्डशिवाय आत शिरता येईल अशी त्रुटी सापडली. कंपनीने दुरुस्ती दिली, पण ती आपणहून बसवावी लागते आणि बसवणारे थोडेच असतात.

म्हणून खरा प्रश्न असा की, तुमचा डीव्हीआर बाहेरून दिसतो का? सोसायटीच्या वाय-फायवरून आपला सार्वजनिक आयपी पत्ता (इंटरनेटवर बाहेरून दिसणारा क्रमांक) पाहून ठेवा, मग वाय-फाय बंद करून मोबाइल डेटावर तो पत्ता आणि डीव्हीआरचा पोर्ट क्रमांक (तो ज्या ‘दारातून’ जोडला जातो त्याचा क्रमांक) ब्राउझरमध्ये टाका. लॉगिनचे पान उघडले, तर ते कोणालाही उघडते. ‘शोडॅन’सारखी शोधयंत्रे अशीच यंत्रे हुडकून त्यांची नोंद ठेवतात. पान उघडले नाही, तरी राउटरमधील ‘पोर्ट फॉरवर्डिंग’च्या, म्हणजे बाहेरून थेट डीव्हीआरपर्यंत वाट उघडणाऱ्या, नोंदी पाहाच. कॅमेरे बसवणारे तंत्रज्ञ मोबाइलवर चित्र दिसावे म्हणून त्या सर्रास करून जातात. त्या काढून टाका आणि राउटरमधील ‘यूपीएनपी’ ही सोय बंद करा, कारण ती चालू असेल तर डीव्हीआर स्वतःच पुन्हा वाट उघडू शकतो. बाहेरून पाहणे गरजेचेच असेल, तर व्हीपीएन (सोसायटीच्या नेटवर्कपर्यंतची सुरक्षित खासगी वाट) वापरा.

लिफ्टमध्ये, जिन्यात वावरणाऱ्या बायका-मुलांचे चित्रण कोणाच्या हाती पडते, ही समितीची जबाबदारी आहे. २०२५ साली राजकोटमधील एका प्रसूती रुग्णालयातील महिला रुग्णांचे चित्रण बाहेर विकले गेल्याचे उघड झाले, तेव्हा त्याची झळ त्या महिलांना बसली. तुमच्या मॉडेलला कंपनी आता अपडेट देत नसेल, तर तो डीव्हीआर इंटरनेटपासून तोडा. रेकॉर्डिंग इंटरनेटविनाही चालू राहते. चित्रण वॉचमनच्या केबिनमधील मॉनिटरवर पाहता येईल.