एकच खेळ धर, असं मी सांगणार नाही

चि. बेटा,

अनेक आशीर्वाद.

पत्र मिळालं. लांबलचक आहे, पण प्रश्न एकच: व्हीलचेअरवरून गोळाफेक, बास्केटबॉल की रेसिंग, नेमकं काय धरू? आणि खाली मामांचा शेरा, ‘एक ना धड भाराभर चिंध्या’. मामांचा मान ठेवूनच सांगतो, एवढ्यात काहीच धरू नकोस. पुढची दोन वर्षं मिळेल ते खेळ. मामा शेतकरी आहेत. कपाशीत तुरीच्या ओळी का टाकतात, ते त्यांनाच विचार.

व्हीलचेअरवरच्या खेळाडूने चार खेळ खेळणं ही धरसोड नव्हे, ही जुनी रीत आहे. आपले मुरलीकांत पेटकर सैन्यात बॉक्सर होते. १९६५ च्या युद्धात गोळ्या लागल्या. १९६८ ला तेल अवीवच्या पॅरालिम्पिकमध्ये ते टेबल टेनिस खेळले आणि १९७२ ला हायडेलबर्गला ५० मीटर फ्रीस्टाइल ३७.३३ सेकंदांत पोहून सुवर्ण घेऊन आले. पॅरालिम्पिकमधलं भारताचं पहिलं सुवर्ण ते. त्याच हायडेलबर्गला त्यांनी भालाही फेकला. अमेरिकेची तातियाना मॅकफॅडन ट्रॅकवर नाव कमावून झाल्यावर बर्फात उतरली आणि २०१४ ला सोचीत स्कीइंगचं रौप्य घेऊन गेली. ही माणसं भरकटलेली नव्हती, एवढं मामांना सांग.

पण माझं खरं कारण वेगळं आहे. तुझा खेळ कोणता, हे आधी तुझं शरीर ठरवणार, मग शिल्लक ताकद पाहून खेळाडूचा वर्ग ठरवणारी वर्गीकरण समिती, आणि आपल्या खान्देशात तिसरा वाटा हवामानाचा. या तिघांचा निकाल लागायच्या आत तू एका खेळावर सगळं लावून बसू नयेस.

वर्गीकरण नीट समजून घे, कारण आपल्याकडे निम्मी पोरं इथेच फसतात. बसून फेकणाऱ्यांचे वर्ग मणक्याच्या इजेसाठी एफ-५१ ते एफ-५७. आकडा जितका मोठा, तितकी ताकद जास्त शिल्लक. एफ-५४ ला हात पूर्ण चालतात पण धडाची, म्हणजे छाती-पोट-पाठीची, साथ नसते, एफ-५५ ला धडाची थोडी साथ असते. रेसिंगमध्ये टी-५३ आणि टी-५४ मधला फरकही धडाचाच. तू वाकून बाटली उचलतेस आणि हात न टेकता सरळ होतेस, ते समितीवाले बारकाईने पाहतील. बास्केटबॉलचा हिशेब आणखी निराळा: खेळाडूला १ ते ४.५ गुण, आणि मैदानावरच्या पाच जणींची बेरीज १४ च्या वर जाता कामा नये. म्हणजे कमी गुणांची मुलगी संघाला नुसती चालते असं नाही, तिच्यावाचून बेरीज जुळतच नाही. गोळाफेकीत तुला ‘बसायला जमत नाही’ म्हणणारे इथे तुला शोधत येतील.

आणि एक कडू गोष्ट. टोकियोत एफ-५२ थाळीफेकीत आपल्या एका खेळाडूने कांस्य जिंकलं, नंतर फेरतपासणीत तो त्या वर्गात बसत नाही असं ठरलं आणि पदक गेलं. वर्ग असा हातातून सुटू शकतो. शिवाय प्रत्येक पॅरालिम्पिकमध्ये प्रत्येक वर्गाची प्रत्येक स्पर्धा असतेच असं नाही. अशा वेळी ज्याच्याजवळ दुसरा खेळ असतो तो उभा राहतो. (आपल्या बाबतीत ‘उभा राहतो’ म्हणताना मला अजून हसू येतं.) समितीपुढे मात्र कमी ताकद दाखवायचं नाटक करायचं नाही. कोणी कितीही शहाणपणा शिकवला तरी नाही. पकडलं गेलं की बंदी.

आता हवामान. एप्रिल-मे मध्ये जळगाव-भुसावळला पारा ४४ च्या पुढे जातो, हे तुला मी काय सांगावं. पण मणक्याला इजा झाली की इजेच्या खाली घाम नीट येत नाही, शरीर थंड व्हायची सोयच कमी होते. इजा जितकी वर, तितका धोका जास्त. उन्हात ठेवलेल्या खुर्चीची लोखंडी रिम हाताला चटका देते ते कळतं, तापलेली सीट मांडीला भाजते ते कळत नाही. म्हणून मे महिन्यात बाहेरचा सराव पहाटेचाच, आणि अंगावर शिंपडायला पाण्याची बाटली जवळ. दिवसा टेबल टेनिस. एक टेबल आणि एक पंख्याची खोली पुरते. गुजरातेतल्या भाविना पटेलने टोकियोत त्याच खेळात रौप्य आणलं. पावसाळ्यात काळ्या मातीत चाकं रुततात, तेव्हा जिम आणि कुठे सिमेंटचं कोर्ट मिळालं तर बास्केटबॉल. मैदान सुकलं, थंडी पडली की गोळा आणि ट्रॅक. बघ, आपला मुलूखच तुला चार खेळ खेळायला लावतोय.

सुरुवात गोळाफेकीनेच कर, कारण तीच सगळ्यात स्वस्त. रेसिंगची तीनचाकी खुर्ची बाहेरून मागवावी लागते, अंगाच्या मापाची लागते आणि माप चुकलं तर नुसती शोभेची. बसून फेकायची फ्रेम तुझ्या तालुक्याचा वेल्डिंगवाला करून देईल. उशीसकट बैठकीची उंची ७५ सेंटिमीटरच्या वर नको, फ्रेम हलता कामा नये, धरायला एक सरळ उभा दांडा. मैदानात चार कोपऱ्यांना लोखंडी खुंट्या ठोकायच्या, पट्ट्यांनी फ्रेम ताणून बांधायची; ते काम मामांना दे. मग मांड्यांवरचा पट्टा इतका आवळ की फेकताना बूड सीटवरून सुटणार नाही. सुटलं की फाउल, गोळा कितीही लांब जावो. सुरुवातीचे काही महिने अंतर मोजूच नकोस, पट्टे बांधायला शिक. नांदेडकडची भाग्यश्री जाधव अशीच बसून गोळा फेकते. पॅरिसला २०२४ मध्ये भारताचा झेंडा हातात धरून सगळ्यांच्या पुढे गेली होती. गावची पोरं विचारतील, ‘काय करी ऱ्हायनी वं?’ विचारू देत.

खुर्चीची काळजी. आपल्या बांधावर गोखरू इतकं, की मैदानापर्यंत जाईस्तोवर ट्यूब बसते. रोज निघण्याआधी टायरवरून जाड फडकं फिरव, काटे तिथेच निघतात. बेअरिंगमध्ये धूळ गेली की खुर्ची एका बाजूला ओढते आणि तो भार खांद्यावर येतो. खांदा म्हणजे आपला पायही तोच आणि हातही तोच. ढकलणं, फेकणं, पलंगावरून खुर्चीत येणं, सगळं त्याच्यावरच. म्हणून दंड काढणं कमी आणि रबर बँड मागे ओढायचा व्यायाम जास्त. पोहायला मिळालं तर सोडू नकोस. दर पंधरा-वीस मिनिटांनी हातांवर अंग उचलून बसण्याची जागा मोकळी कर, आणि रात्री आरशात कातडी बघ. लाल डाग दिसला आणि दाबूनही फिका पडला नाही तर सराव बंद, स्पर्धा तोंडावर असली तरी. तिथे जखम झाली की वर्ष जातं.

गावाकडे खांदा दुखला की सुई मारून घ्यायची सवय असते. डॉक्टरांना आधी सांग की तू खेळाडू आहेस. उत्तेजकांच्या नियमात स्टिरॉइडची सुई स्पर्धेच्या काळात चालत नाही, लघवी जास्त व्हायची गोळी तर कधीच नाही. औषध खरंच गरजेचं असेल तर त्याची परवानगी रीतसर मागता येते.

पैशाचं थोडक्यात सांगतो, कारण थोडेच असतात. कॉलेज सोडू नकोस. सरकारी नोकरीत खेळाडूंना ५ टक्के समांतर आरक्षण आहे, पण प्रमाणपत्र नाशिकच्या विभागीय क्रीडा कार्यालयातून पडताळून घ्यावं लागतं आणि तिथे प्रत्येक कागद मागतात. प्रवेशपत्र, निकालपत्रक, संघाची यादी, सगळं एका फाइलमध्ये. झेरॉक्स वेगळी, मूळ प्रत वेगळी. पदकापेक्षा ती फाइल जप, असं मी सगळ्यांनाच सांगतो आणि सगळेच हसतात.

दोन वर्षांनी मुख्य खेळ ठरवू. तेव्हाही दुसरा सोडायचा नाही, फक्त असा निवडायचा की पहिल्याने दमलेला खांदा दुसऱ्यात दमणार नाही. तुझ्या पत्रावरून मला वाटतं तुझं मन बास्केटबॉलवर आहे, कारण गोळ्याबद्दल तू अंतर लिहिलंस आणि बास्केटबॉलबद्दल मैत्रिणींची नावं. पण ते आत्ता माझ्याकडून नको.

पुढच्या रविवारी ये. एमआरआयचा रिपोर्ट, ऑपरेशनचे कागद आणि यूडीआयडी कार्ड (दिव्यांगांचं ओळखपत्र), तिन्ही आण. वर्गीकरणाचा वैद्यकीय फॉर्म डॉक्टरांकडून भरून घ्यावा लागतो, तो आपण आधी कच्चा भरून बघू. जेवण इथेच, भरीत आणि कळण्याची भाकरी. मैदानावर जायचं सकाळी साडेपाचला, त्यामुळे शनिवारी मुक्कामालाच आलीस तर बरं.

तुझा,
नाना