काल्पनिक जगाचं पंचांग: हिशेब अडतो तिथून सुरुवात करा

तुमच्या कादंबरीतल्या जगाच्या पंचांगाचा आराखडा पाहिला. त्यात वर्ष ३६० दिवसांचं, महिने १२, चंद्र बरोबर ३० दिवसांचा आणि आठवडा दहा दिवसांचा आहे. ‘सगळं नीट बसलंय, तरी निर्जीव का वाटतं?’ असं तुम्ही विचारलंय. मला वाटतं, सगळं नीट बसलंय म्हणूनच ते निर्जीव वाटतं. असा चंद्र असेल तर पंचांग मांडायला कुणी जाणकार लागणारच नाही आणि त्यावरून कुणाचं भांडणही होणार नाही.

आपल्याकडे बारा चांद्रमासांचे सुमारे ३५४ दिवस होतात, म्हणजे सौरवर्षाला ११ दिवस कमी पडतात. हिजरी कालगणनेने ही तूट तशीच ठेवली, त्यामुळे रमजान साधारण ३३ वर्षांत सगळ्या ऋतूंतून फिरून येतो. ग्रेगरियन (म्हणजे इंग्रजी) कॅलेंडरने महिन्यांचा चंद्राशी संबंधच ठेवला नाही. आपल्या पंचांगाने साधारण ३२-३३ महिन्यांनी अधिक मास घातला आणि त्या जादा महिन्यात जावयाला अनारशांचं वाण द्यायची रीत पडली. गणितातल्या शिलकीतून सासुरवाडीचा मानपान निघाला! कल्पित जगात मी असे तपशील शोधत असतो.

म्हणून तुमचे आकडे थोडे बिघडवून पाहू. वर्ष ३८८ दिवसांचं, चंद्र दोन आणि त्यांतल्या थोरल्याचा महिना ३४ दिवसांचा धरा. अकरा महिन्यांचे ३७४ दिवस झाले, १४ उरले. पाच वर्षांत ७० दिवस साचतात, त्यात दोन अधिक महिने (६८ दिवस) बसतात आणि तरी दोन दिवस शिल्लक राहतात. हे दोन-दोन दिवस ८५ वर्षांत ३४ होतात, म्हणजे एक आणखी महिना घालावा लागतो. बहुतेकांच्या आयुष्यात तो एकदाच येणार. त्या महिन्यात लग्न लागतं का? घेतलेल्या कर्जावर व्याज चढतं का? जन्मलेल्या मुलाचा वाढदिवस कधी धरायचा? कादंबरीला पुरेल एवढं खाद्य इथेच आहे.

आता ९ दिवसांचा धाकटा चंद्र घ्या. त्याच्या पौर्णिमेला गावोगाव बाजार भरतो, म्हणून आठवडा नऊ दिवसांचा. ३४ आणि ९ यांना सामाईक विभाजक नाही, त्यामुळे दोन्ही पौर्णिमा एका रात्री ३०६ दिवसांनीच जुळतात आणि ती रात्र दर खेपेला ऋतुचक्रात ८२ दिवस अलीकडे सरकते. त्या रात्रीचं उधाण मोठं असणार. बंदरातल्या कोळ्यांना ही तारीख तोंडपाठ हवी. डोंगरातल्या मेंढपाळाला तिचं काही पडलेलं नसेल.

सगळ्यांना एकच पंचांग देऊ नका, हे मी आग्रहाने सांगेन. आपल्याकडेच बघा ना: उपास तिथीवर, पगार इंग्रजी तारखेवर आणि पेरणी सूर्याच्या नक्षत्रावर. रोहिणी, मृग, आर्द्रा हा शेतकऱ्याचा हिशेब पूर्णपणे सौर आहे, म्हणून मृग दरवर्षी ७-८ जूनलाच लागतो. मराठेशाहीच्या कागदांत दिसणारा सुहूर सनही मृगापासूनच सुरू व्हायचा. त्याची वर्षं अरबी अंकशब्दांत लिहीत: ‘सीत सबैन मया व अलफ’ म्हणजे सहा, सत्तर, शंभर आणि हजार, मिळून ११७६, इसवी सन १७७५-७६. शिवाजी महाराजांनी १६७४ साली राज्याभिषेक शक सुरू केला, तरी सुहूर सन दप्तरांत पुढेही चालूच राहिला. नवा शक म्हणजे सार्वभौमत्वाची घोषणा. कारकुनाचा हात मात्र जुन्याच सवयीने चालतो. तुमच्या नव्या राणीच्या फर्मानावर कुठला सन असेल आणि तिच्या महसूल खात्याच्या वहीत कुठला?

शेजारच्या राज्यालाही तोच चंद्र द्या, फक्त महिना वेगळ्या दिवशी संपू द्या. महाराष्ट्रात महिना अमावास्येला संपतो, उत्तर भारतात पौर्णिमेला. त्यामुळे आपली श्रावण वद्य अष्टमी तिकडे भाद्रपदातली असते. कृष्णजन्माची रात्र तीच, महिन्याचं नाव वेगळं. तहाच्या कागदात नुसतं महिन्याचं नाव आणि कृष्ण पक्षातली तिथी असेल, तर एक फौज महिनाभर आधी येऊन उभी राहील.

दहा दिवसांचा आठवडा तुम्हाला फार आवडलेला दिसतो. तो ठेवाच, पण तो लादला कुणी हे ठरवा. फ्रान्समध्ये क्रांतीनंतर १७९३ साली नेमकं हेच झालं: ३० दिवसांचे महिने, दहा-दहा दिवसांचे तीन भाग आणि धुकं, बर्फ, उष्मा यांवरून महिन्यांची सुंदर नावं. पण सुट्टी सातव्या दिवसाऐवजी दहाव्या दिवशी गेली. लोक रविवार पाळत राहिले आणि शेवटी नेपोलियनने १ जानेवारी १८०६ पासून ते कॅलेंडर बंद केलं. तुमच्या जगातही राजधानीत दहाचा आठवडा आणि खेड्यांत नऊचा बाजार असा ताण ठेवता येईल.

हे सगळं पहिल्या प्रकरणात तक्ता करून मांडू नका. तक्ता तुमच्या वहीत राहू दे. पात्रांनी फक्त ‘पुढच्या बाजाराला पैसे देतो’ किंवा ‘अधिकात जन्मलेली पोर’ एवढंच बोलावं. नावं ठरवतानाही हंगाम, पीक, वारा यांच्याकडे बघा. देवांच्या वंशावळीतून काढलेली बारा नावं वाचकाच्या लक्षात राहत नाहीत.

एक मात्र तुम्ही लिहिलेलं नाही: अधिक महिना जाहीर कोण करतं? देवळातला पुजारी, बंदराचा अधिकारी की राजदरबार? ते कळवलंत तर ८५ वर्षांनी येणाऱ्या त्या महिन्याभोवती कथानक कसं बांधायचं, ते मी सविस्तर लिहीन.